मूकपटाचा नायक

३१ जानेवारी १९२० रोजी बाबासाहेबांच्या 'मूकनायक'चा पहिला अंक निघाला. पुढच्याच आठवड्यात, ७ फेब्रुवारीला, कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांचा 'सैरंध्री' हा मूकपट पुण्याच्या आर्यन थिएटरात लागला. आणि २१-२२ मार्चला कागल जहागिरीतील माणगावी अस्पृश्यांची ती ऐतिहासिक परिषद भरली. तीन घटना, तीन महिने आणि तिन्हींच्या पाठीशी एकच माणूस : राजर्षी शाहू महाराज. 'मूकनायक'साठी त्यांनी अडीच हजार रुपये दिले, माणगावात स्वतः येऊन बाबासाहेबांना समाजाचे पुढारी म्हणून गौरविले आणि पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीलाही कोल्हापुरात आश्रय दिला.

'मूकनायक'ची आणि माणगावची आठवण आपण दरवर्षी काढतो. त्याच कोल्हापुरातून वर आलेल्या मूकपटाच्या एका नायकाची आठवण मात्र फारशी कोणी काढत नाही. त्यांचे नाव मास्टर विठ्ठल. हिंदुस्थानच्या पहिल्या बोलपटाचे, 'आलम आरा'चे नायक तेच. वाचक म्हणतील, आमच्या या सदरात नटाचे काय काम? काम आहे. नट हाही अंगमेहनतीवर जगणारा माणूस. त्याचा पगार, त्याचा करार, त्याचे शिक्षण आणि त्याचा पडता काळ यांची गोष्ट आपल्या प्रत्येक घराला लागू पडते. म्हणून या वेळी विहारातली बैठक आणि शिष्यवृत्तीचे अर्ज बाजूला ठेवून ही हकिगत सांगतो.

त्या काळी सिनेमात काम करणे हलके समजले जाई. बाबूराव पेंटर स्वतः सुतारकाम करणाऱ्या मिस्त्री घराण्यातले. त्यांनी आणि त्यांच्या सोबत्यांनी खटपट करून, जुळवाजुळव करून स्वतःच्या हाताने कॅमेरा तयार केला. कंपनी उभी करायला तानीबाई कागलकर या गाणाऱ्या बाईंनी पैशाची मदत केली. 'सैरंध्री'त गुलाबबाई आणि अनसूयाबाई या दोघी कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या, तेव्हा लोकांनी त्यांना नावे ठेवली. एरव्ही बायकांची कामे पुरुषच करीत. म्हणजे मराठी सिनेमाचा पाया कारागिरांनी आणि समाजाने ज्यांना नाके मुरडली अशा बायांनी घातला. पुढे त्याच सिनेमाला मान मिळाला, पैसा मिळाला; तेव्हा पाया घालणारांची नावे कितीजणांच्या तोंडी राहिली, हे ज्याचे त्याने आठवून पाहावे.

विठ्ठल लहानपणी नाटक कंपनीत कामे करीत. तेथून ते महाराष्ट्र फिल्म कंपनीत आले ते नायक म्हणून नव्हे. फिल्मचे तुकडे कापायचे, जोडायचे, हे त्यांचे काम. पडद्यावर ते प्रथम दिसले 'कल्याण खजिना'त, १९२४ साली, आणि तेही नाचणाऱ्या बाईच्या वेषात! ज्या माणसाला पुढे सारा देश तलवारबहाद्दर म्हणून ओळखणार होता, त्याची सुरुवात लुगडे नेसून झाली. यात लाजण्यासारखे काही नाही. कंपनीत जो पडेल ते काम करतो, तोच धंदा आतून-बाहेरून शिकतो.

पुढे विठ्ठल मुंबईला गेले. तेथे १९२५ साली शारदा फिल्म कंपनी निघाली होती. तिने १९२६ च्या 'रतन मंजरी'त त्यांना नायक केले आणि त्यांचे नशीब उघडले. घोड्यावरून दौडणे, तटावरून उडी टाकणे, एकट्याने दहाजणांशी तलवार चालवणे, हे त्यांचे खास काम. आजच्यासारखे बदली नट, जाळ्या, दोऱ्या, विमा यांतले फारसे काही तेव्हा नव्हते. उडी स्वतःच मारायची आणि पाय मोडला तर तोही स्वतःचाच. झेबुन्निसा या नटीबरोबर त्यांची जोडी जमली. त्या काळच्या सर्वांत जास्त पगार घेणाऱ्या नटांत त्यांचे नाव घेतले जाऊ लागले.

असे चित्रपट मुंबईत सर्वांत आवडीने पाहणारा वर्ग कामगारांचा होता. त्यात आपलीही माणसे होती. गिरणीत विणकाम खात्यात आपल्या माणसाला शिरू देत नसत, कारण तेथे तुटलेला धागा तोंडाच्या थुंकीने ओला करून जोडावा लागे आणि विटाळ होई! चांगल्या पगाराचे खाते म्हणून आपल्याला बंद. बाबासाहेबांनी १९२८ च्या गिरणी संपाच्या वेळी हा प्रश्न जाहीरपणे मांडला होता. अशा कामगाराला पडद्यावर एकटा माणूस दहाजणांना लोळवताना पाहून काय वाटत असेल, हे वेगळे सांगायला नको.

मूकपटाला भाषा नव्हती. मध्येमध्ये पडद्यावर मजकुराच्या पाट्या येत, त्या दोन-तीन भाषांत असत. ज्याला वाचता येई तो शेजारच्यांसाठी मोठ्याने वाची. १९३१ च्या शिरगणतीत देशात शंभरातली दहा माणसेसुद्धा साक्षर नव्हती. तरीही मूकपट सगळ्यांना समजे, कारण अंगच बोलत असे. विठ्ठल यांचे अंग असे बोलायचे की मद्रासचा माणूसही टाळी देई आणि लाहोरचाही.

त्यांना लोक 'हिंदुस्थानचा डग्लस फेअरबँक्स' म्हणत. हा फेअरबँक्स कोण, तेही सांगितले पाहिजे. अमेरिकेतला हा नट, जन्म १८८३ चा. नाटकातून १९१५ साली सिनेमात आला. 'मार्क ऑफ झोरो', 'रॉबिन हूड' अशा चित्रपटांत त्याने उड्या आणि तलवारबाजीने जग वेडे केले. त्याचा १९२४ चा 'थीफ ऑफ बगदाद' आपल्याकडेही तुफान चालला. तोही आपल्या विठ्ठलांसारखाच अंगाने बोलणारा. पण दोघांत एक मोठा फरक होता आणि हा सगळा लेख त्या फरकासाठीच लिहिला आहे.

फेअरबँक्स पगारावर राहिला नाही. १९१९ साली चार्ली चॅप्लिन, मेरी पिकफर्ड आणि दिग्दर्शक ग्रिफिथ यांच्याबरोबर त्याने 'युनायटेड आर्टिस्ट्स' ही कंपनी काढली. चित्रपट आपला, वितरण आपले, नफा आपला. कलावंतच मालक झाले. १९२७ साली अमेरिकेत सिनेमाची जी अकादमी स्थापन झाली, ती आजही ऑस्कर देते, तिचा पहिला अध्यक्षही तोच. पुढे बोलपट आला तेव्हा त्याचेही दिवस फिरले. वयही झाले होते. १९३४ साली त्याचा शेवटचा चित्रपट निघाला आणि १९३९ साली तो वारला. नायकपण गेले, पण मालकी राहिली. विठ्ठल मात्र पगारी नोकर. पगार कितीही मोठा असो, महिनाअखेर दुसऱ्याच्या हातून घ्यायचा आणि दुसऱ्याच्या सहीने बंद व्हायचा.

पगारी माणसाची दोरी कशी असते, ते १९३०-३१ च्या सुमारास दिसले. अर्देशीर इराणी यांनी देशातला पहिला बोलपट काढायचे ठरवले आणि नायक म्हणून विठ्ठल यांना बोलावले. विठ्ठल तयार झाले. पण शारदा कंपनीशी त्यांचा करार होता. कंपनीने त्यांना कोर्टात खेचले. विठ्ठल यांच्या बाजूने मुंबईचे नामांकित बॅरिस्टर महंमद अली जीना उभे राहिले आणि विठ्ठल सुटले. चित्रपटाच्या इतिहासात ही गोष्ट मोठ्या कौतुकाने सांगतात. आम्हांला तिच्यातली दुसरी बाजू दिसते. दहाजणांना तलवारीने लोळवणारा वीर एका कागदापुढे हतबल झाला. त्याला सोडवायला बॅरिस्टर लागला. ज्याला असा बॅरिस्टर परवडत नाही, त्याने काय करावे?

या प्रश्नाचे उत्तर बाबासाहेबांनी दिले आहे. १९३८ साली मुंबईच्या कायदेमंडळात औद्योगिक कलहाचे बिल आले. त्यात काही संप बेकायदा ठरवून कामगाराला शिक्षा करण्याची तरतूद होती. स्वतंत्र मजूर पक्षाच्या वतीने बाबासाहेबांनी त्याला कडाडून विरोध केला. काम न करण्याबद्दल माणसाला शिक्षा करणे म्हणजे त्याला गुलाम करणे, असा त्यांचा सरळ युक्तिवाद होता. ७ नोव्हेंबर १९३८ रोजी मुंबईत त्या बिलाविरुद्ध मोठा संप झाला. नट असो, गिरणी कामगार असो वा झाडूवाला. नोकरी म्हणजे श्रमाची विक्री, माणसाची नव्हे, हे त्यामागचे तत्त्व. आपल्या देशाचा कायदाही मुळात हेच सांगतो. एखाद्याने अंगाने करायच्या सेवेचा करार मोडला, तर न्यायालय त्याला पकडून कामाला जुंपत नाही. नुकसानभरपाई मागता येते, कराराच्या मुदतीत दुसरीकडे काम करण्यास मनाई मागता येते, पण वेठबिगारी मागता येत नाही. एवढे ज्ञान साध्या माणसाला असले तरी त्याची निम्मी भीती जाते.

कोर्टातून सुटून विठ्ठल 'आलम आरा'च्या नायकाच्या जागी उभे राहिले. नायिका झुबेदा. पृथ्वीराज कपूरही त्यात होते. स्टुडिओजवळून रेल्वे जात असे, म्हणून तिचा आवाज टाळायला बरेचसे चित्रण रात्री करीत आणि मायक्रोफोन नटांच्या आसपास लपवून ठेवीत. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात चित्रपट लागला आणि लोकांची एवढी झुंबड उडाली की पोलीस बोलवावे लागले.

विठ्ठल यांच्या आयुष्यातला तो सर्वांत मोठा दिवस आणि उतरणीचा पहिला दिवस, दोन्ही एकच. बोलपटाला उर्दू-हिंदुस्थानी लागत होती, स्वच्छ उच्चार लागत होता, गाता गळा लागत होता. विठ्ठल यांची जीभ मराठी वळणाची. नायकाच्या तोंडचे बोलणे कमी करावे लागले, आणि बऱ्याच प्रसंगांत त्यांना धड शुद्धीवर नसलेला दाखवले, असे सांगतात. बोलक्या पटाचा नायक मुका! काल ज्या अंगावर लोक जीव ओवाळत होते, ते अंग आज तेच होते, बळही तेच होते; मागणी तेवढी बदलली. भगवान बुद्धांनी अनित्यता सांगितली ती काही फक्त देहाला लावायची नसते. हुन्नर, धंदे, बाजार, सगळेच अनित्य असते. ज्याला हे उमगते, तो रडत बसत नाही, तयारी करतो.

तयारी करणाऱ्या एका बाईची गोष्ट येथे सांगणे जरूर आहे. रूबी मायर्स, पडद्यावरचे नाव सुलोचना. पुण्यात जन्मलेली ज्यू मुलगी. आधी टेलिफोन ऑपरेटर होती, मग मूकपटाची सर्वांत लोकप्रिय नटी झाली. बोलपट आला तेव्हा तिलाही हिंदुस्थानी धड येत नव्हती. तिने काय केले? काही काळ काम थांबवले, वर्षभर भाषा शिकली आणि परत आली. तिच्या जुन्या 'माधुरी'चीच बोलकी आवृत्ती १९३२ साली निघाली आणि चालली. मानमरातब, पैसा, नाव सगळे असताना पुन्हा विद्यार्थी होऊन पाटीवर अक्षर गिरवायला मोठे मन लागते. पुढे १९७३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार तिला मिळाला. आमच्या भगिनींनी हे विशेष ध्यानात घ्यावे. चाळिशीत संगणक शिकायला बसलेल्या बाईला घरात कोणी हसले, तर तिने खुशाल सुलोचनाबाईंचे नाव सांगावे.

विठ्ठल यांचे पुढे काय झाले? त्यांची वाताहत झाली, असे लिहिले तर गोष्ट चटकदार होईल, पण ती खरी होणार नाही. ते मराठीकडे वळले. येथे जिभेची अडचण नव्हती. भालजी पेंढारकरांच्या १९३९ च्या 'नेताजी पालकर'सारख्या शिवकालीन चित्रपटांना घोडा आणि तलवार जाणणारा माणूस हवाच होता. हळूहळू नायकाच्या जागा गेल्या, लहान भूमिका आल्या. पण पुढची तीस वर्षे ते काम करीत राहिले. १९६९ साली ते वारले. नायकाचा फेटा उतरल्यावर साध्या माणसाच्या भूमिकेत उभे राहणे, आपल्या नावाच्या पाटीची जागा खाली खाली सरकताना पाहणे आणि तरी वेळेवर कामाला हजर होणे, यालाही धैर्य लागते. उडी मारण्यापेक्षा ते कमी नव्हे. आपल्या भाषेने त्यांना शेवटपर्यंत भाकर दिली, हेही विसरू नये.

दुःख आहे ते निराळे. 'आलम आरा'ची एकही प्रत आज शिल्लक नाही. मूकपट आपल्या देशात तेराशेच्या आसपास निघाले, त्यांतले हाताच्या बोटांवर मोजावेत एवढेच धड उरले आहेत. ज्या उड्यांवर लाखो लोकांनी टाळ्या पिटल्या, त्या पाहायच्या म्हटले तर पाहायला मिळत नाहीत. फिल्म मालकाची होती, जपायची की नाही ते ठरवणाराही मालकच होता. नट मालक असता, तर निदान एखादी पेटी घरच्या माळ्यावर तरी राहिली असती.

मालकी म्हणजे भांडवलदारी, असे कोणी समजू नये. याच महाराष्ट्र फिल्म कंपनीत शांताराम, दामले, फत्तेलाल आणि धायबर हे चौघेही नोकरच होते. त्यांनी १९२९ साली कोल्हापुरातच, सीतारामपंत कुलकर्णी यांच्या भांडवलाची जोड घेऊन, 'प्रभात' काढली. अमेरिकेतल्या चौघांनी दहा वर्षांपूर्वी केले, तेच येथल्या पाचांनी केले. कोणाला कॅमेरा येत होता, कोणाला नेपथ्य, कोणाला दिग्दर्शन. एकेकटे असते तर नोकरच राहिले असते. एकत्र आले म्हणून १९३२ साली 'अयोध्येचा राजा' हा मराठी बोलपट त्यांनी याच गावात करून दाखवला. 'संघटित व्हा' हा आदेश फक्त मोर्चासाठी नसतो. तो पोटासाठीही असतो.

आता हे सगळे आपल्या वस्तीत आणून पाहू. आपल्या समाजात कलेला तोटा नाही. शाहीर आहेत, गायक आहेत, ढोलकीवाले आहेत, नाटकात कामे करणारी पोरे आहेत. कॅसेटच्या जमान्यात आपल्या कित्येक गायकांनी आणि कवींनी भीमगीते दिली, ती खेडोपाडी वाजली, जयंतीच्या मंडपात आजही वाजतात. पण बहुतेकांनी एकरकमी बिदागी घेतली आणि समोर आलेल्या कागदावर सही करून दिली. गाणे आपले, कंठ आपला, कष्ट आपले, हक्क कंपनीचा. म्हातारपणी दवाखान्यासाठी वर्गणी काढायची वेळ आली. २०१२ साली कॉपीराइटच्या कायद्यात मोठी दुरुस्ती झाली. गाण्याचा कवी आणि संगीतकार यांचा रॉयल्टीचा हक्क आता कंपनीला लिहून घेता येत नाही. तो वारसाला किंवा हक्क वसूल करणाऱ्या संस्थेलाच देता येतो. गाणाऱ्यालाही त्याच्या कलेच्या व्यापारी वापराबद्दल रॉयल्टीचा अधिकार आहे. आपल्या किती कलावंतांना हे माहीत आहे? आज पोरे मोबाइलवर गाणी टाकतात, लाखो लोक ऐकतात आणि पोरगा खूश. परंतु कोणत्या अटींवर टाकले, पैसा कोणाच्या खात्यात गेला, हे विचारा म्हटले की मान खाली.

जी गोष्ट गायकाची तीच कंत्राटी नोकरीतल्या तरुणाची. अकरा महिन्यांचा कागद पुढे येतो, खाली सही कुठे करायची तेवढेच तो विचारतो. आम्ही पेशाने कारकून. कागद हेच आमचे रोजचे काम. अनुभवाने सांगतो, कागदातली धोक्याची ओळ पहिल्या पानावर कधीच नसते. म्हणून आमचे चार शब्द सांगून ठेवतो.

सही करण्यापूर्वी संपूर्ण कागद वाचा. इंग्रजी असेल तर वस्तीतल्या शिकलेल्या माणसाकडून अर्थ समजून घ्या. सही केलेल्या प्रत्येक कागदाची प्रत घरी ठेवा. मुदत किती, मोडला तर काय, काम कोणाच्या मालकीचे राहणार, एवढे तीन प्रश्न तोंडपाठ करा. ज्या विहारात वकील, हिशेबनीस किंवा निवृत्त कर्मचारी येतात, तेथे महिन्यातून एक रविवार वंदनेनंतर तासभर 'कागद वाचन' ठेवता येईल. त्याला वर्गणी लागत नाही. चार कलावंत असतील तर त्यांनी मिळून संस्था नोंदवावी, हिशेब उघडा ठेवावा आणि गाण्याचे हक्क आपल्याकडे राखावेत. आणि मुलगा कुस्तीत, कबड्डीत, नाचात कितीही चमकत असला तरी त्याची शाळा सुटू देऊ नका. अंग पंधरा-वीस वर्षे साथ देते. अक्षर जन्मभर देते.

कोल्हापुरात तालमी पुष्कळ, कलावंत पुष्कळ, धाडसाला तर तोटाच नाही. उणीव असते ती त्या धाडसाच्या पाठीशी उभ्या राहणाऱ्या शिक्षणाची आणि संघटनेची. 'मूकनायक' निघाले तेव्हा आपला समाज मुका होता. मूकपटाचा नायक मुका होता ते त्याला चालून गेले, कारण काळच मुका होता. आता काळ बोलका आहे. येथे ज्याला बोलता येते, वाचता येते आणि आपला हक्क लिहून ठेवता येतो, तोच टिकतो. मास्टर विठ्ठल यांच्या उड्या आपल्याला पाहायला मिळणार नाहीत. त्यांच्या आयुष्यातून एवढे तरी आपण घेऊ या.

जय भीम!